गेममधल्या जाहिरातींवर ॲडगार्ड डीएनएस: फुकटात किती जमतं, कुठे अडतं

गेम फोनमध्ये असतो, पण त्यात दिसणारी जाहिरात नेटवरून ओढून आणावी लागते. हे एकदा ध्यानात आलं की उपाय कुठे करायचा तेही कळतं. वाट तीन ठिकाणी अडवता येते: सगळ्या फोनचं नेट बंद करून, त्या एका गेमपुरतं नेट बंद करून, किंवा नेट चालू ठेवून फक्त जाहिरातींच्या सर्व्हरचा पत्ता लागू न देऊन. हे तिसरं काम करणारी फुकट सेवा म्हणजे ॲडगार्डचा सार्वजनिक डीएनएस (नावावरून सर्व्हरचा पत्ता सांगणारी यंत्रणा). हे परीक्षण मुख्यतः त्याचं. बाकीचे उपाय सोबत घेतले आहेत, कारण काही गेमवर हा डीएनएस चालतच नाही आणि काहींना त्याची गरजच नसते.

निकाल आधीच सांगतो: पाचपैकी चार. ॲप टाकायचं नाही, खातं उघडायचं नाही, पैसे नाहीत, बॅटरीवर जाणवेल असा भार नाही. एक गुण कापला तो दोन कारणांनी. जाहिरात बघून कॉइन किंवा जीव मिळवायची सोय यात मरते, आणि नेटवर्क कमजोर असलं की कधीकधी सगळं नेटच बंद पडल्यासारखं होतं. बेळगावजवळच्या खानापूर तालुक्यात राहणाऱ्यांना दुसरं कारण जास्त टोचेल.

काम कसं करतो

फोनला कुठल्याही सर्व्हरशी बोलायचं तर आधी त्याच्या नावावरून त्याचा आकड्यांतला पत्ता विचारावा लागतो. तो सांगणारा म्हणजे डीएनएस. एरवी हे काम सिमकार्डाच्या कंपनीचा डीएनएस करतो आणि कुणी काहीही विचारलं तरी उत्तर देतो. ॲडगार्डकडे जाहिरात आणि पाळत ठेवणाऱ्या सर्व्हरांची यादी असते. त्यातलं नाव विचारलं की तो ०.०.०.० असा पोकळ पत्ता देतो. बेळगावच्या गणपत गल्लीत नवख्या माणसानं पत्ता विचारावा आणि सांगणाऱ्यानं 'असं घरच नाही इथं' म्हणावं, तसं. गेम थोडा वेळ वाट बघतो, जाहिरात आली नाही असं धरतो आणि पुढची लेव्हल उघडतो.

फुकट गेममध्ये बहुधा एकाच कंपनीच्या जाहिराती नसतात. गूगलचं ॲडमॉब, युनिटी, ॲपलव्हिन, आयर्नसोर्स, मिंटेग्रल अशी चारपाच जाळी एकत्र जोडलेली असतात, आणि त्या वेळी जास्त पैसे देणाऱ्याची जाहिरात लागते. म्हणून यादी मोठी आणि ताजी असणं महत्त्वाचं. इथे ॲडगार्डची बाजू भक्कम आहे: यादी त्यांच्या सर्व्हरवर असते, आपल्याला काही अपडेट करत बसावं लागत नाही.

बेळगाव, निपाणी, चिकोडीकडे मोबाईलच्या दुकानात 'भावा, ॲडा तेवढ्या बंद करून दे' म्हणत फोन पुढे करणारे कमी नाहीत. त्यासाठी कुणी पैसे मागत असेल तर देऊ नका. दोन मिनिटांचं काम आहे.

बसवायचं कसं

अँड्रॉइड ९ पासून पुढच्या फोनमध्ये 'प्रायव्हेट डीएनएस' नावाची सोय आहे. फोनची भाषा मराठी ठेवली असेल तर 'खाजगी डीएनएस'. प्रत्येक कंपनीनं ती वेगळ्या कप्प्यात ठेवली आहे. मोटोरोला, नोकिया: सेटिंग्ज, नेटवर्क अँड इंटरनेट. सॅमसंग: कनेक्शन्स, मग मोअर कनेक्शन सेटिंग्ज. रेडमी, पोको, रियलमी आणि ओप्पोत बहुतेक वेळा 'कनेक्शन अँड शेअरिंग'मध्ये सापडते. शोधत बसण्यापेक्षा सेटिंग्जच्या वरच्या शोधपट्टीत 'प्रायव्हेट' एवढं लिहिलं तरी समोर येते.

तिथे तीन पर्याय दिसतात: बंद, आपोआप, आणि पुरवठादाराचं होस्टनेम. तिसरा निवडायचा आणि खालच्या चौकटीत इंग्रजी लहान अक्षरांत हा पत्ता लिहायचा: डीएनएस, टिंब, ॲडगार्ड, आडवी रेघ, डीएनएस, टिंब, कॉम. ॲडगार्डचं स्पेलिंग ए-डी-जी-यू-ए-आर-डी. मध्ये कुठेही मोकळी जागा नाही. मग 'सेव्ह'.

बहुतेक घोळ याच चौकटीत होतो. मराठी कीबोर्ड चालू असतो. किंवा सुचवलेला शब्द दाबल्यावर शेवटी एक मोकळी जागा चिकटते. ती दिसत नाही, पण 'सेव्ह'चं बटण फिकंच राहतं. तसं झालं तर पत्त्याच्या टोकाला जाऊन एकदा खोडा. सुरुवातीला 'एचटीटीपीएस' वगैरे लावायचं नाही. काही जण इथे आकड्यांचा पत्ता घालायला बघतात, तो ही चौकट घेत नाही. तिला नावच लागतं. जुन्या व्हिडिओंत आडवी रेघ नसलेला जुना पत्ता दाखवतात, तो सोडा आणि वरचाच घाला. आणि 'डीएनएस टिंब गूगल' हा पत्ता घालून जाहिराती थांबत नाहीत म्हणून वैतागू नका. तो गूगलचा साधा डीएनएस आहे, गाळणी नाही.

लहान मुलांच्या हातात फोन जात असेल तर सुरुवातीच्या 'डीएनएस'च्या जागी 'फॅमिली' लिहा, पुढचं सगळं तेच. त्यात जाहिरातींबरोबर प्रौढांच्या साइट्सही अडतात आणि सर्चमध्ये सेफसर्च, म्हणजे अश्लील निकालांची गाळणी, सक्तीनं लागतो.

सेव्ह केल्यावर लगेच गेम उघडला तर एकदोन जाहिराती दिसतीलच. गेम पुढची जाहिरात आधीच उतरवून ठेवतो, म्हणून. त्या गेमच्या ॲप इन्फोमध्ये जाऊन 'फोर्स स्टॉप' करा, मग स्टोरेजमध्ये फक्त 'क्लिअर कॅशे'. शेजारचं 'क्लिअर डेटा' दाबू नका. गेम गूगल किंवा फेसबुक खात्याला जोडलेला नसेल तर त्या एका दाबण्यात सगळ्या लेव्हल पुसल्या जातात, आणि मग जाहिरात बरी होती असं वाटायची वेळ येते.

आयफोनवर ही चौकट नाही. तिथे सफारीतून ॲडगार्डच्या साइटवरचं डीएनएस प्रोफाइल उतरवून सेटिंग्जमध्ये 'प्रोफाइल डाउनलोडेड'वर जाऊन इन्स्टॉल करायचं, आणि जनरलमधल्या 'व्हीपीएन, डीएनएस अँड डिव्हाइस मॅनेजमेंट'मध्ये ते निवडलेलं आहे ना बघायचं. आयओएस १४ पासून चालतं.

काय थांबतं आणि काय थांबत नाही

खालची पट्टी आणि दोन लेव्हलच्या मध्ये येणारी पूर्ण पडद्याची जाहिरात, या दोन जातींवर हा उपाय चांगला लागू पडतो. शब्दकोडी, बॉल सॉर्ट, बाटलीत रंग ओतायचे गेम, बस पार्किंग, असल्या एकट्यानं खेळायच्या गेममध्ये फरक पहिल्या पाच मिनिटांत कळतो. व्हिडिओ जाहिराती उतरतच नाहीत, त्यामुळे रोजच्या दीड-दोन जीबीच्या पॅकमधला डेटाही वाचतो.

गेम बनवणाऱ्यानं स्वतःच्याच सर्व्हरवरून दाखवलेली स्वतःच्याच दुसऱ्या गेमची जाहिरात मात्र सुटते. तिचा पत्ता अडवायचा तर गेमचाच पत्ता अडवावा लागेल. युट्यूबचंही तसंच, व्हिडिओ आणि जाहिरात एकाच घरातून येतात; युट्यूबसाठी म्हणून हा डीएनएस बसवत असाल तर निराशा होईल. बीजीएमआय किंवा फ्री फायर मॅक्स उघडल्यावर पडद्यावर आदळणाऱ्या ऑफरच्या खिडक्या गेमच्याच दुकानाच्या असतात, त्यांनाही हात लागत नाही. असल्या ऑनलाइन गेममध्ये पिंग (सर्व्हरचं उत्तर यायला लागणारा वेळ) वाढेल अशी भीती असते, ती मात्र नको. डीएनएसचं काम सुरुवातीला पत्ता विचारण्यापुरतं. नंतरचं खेळणं थेट गेमच्या सर्व्हरशी चालतं.

बक्षिसाच्या जाहिरातींचा प्रश्न वेगळा आहे. 'व्हिडिओ बघा, दुप्पट कॉइन घ्या' हे बटण दाबलं की 'जाहिरात उपलब्ध नाही' असं येतं. काही गेमची रचनाच अशी आहे की या कॉइनशिवाय विसाव्या-तिसाव्या लेव्हलनंतर पुढे सरकत नाही. तेव्हा प्रायव्हेट डीएनएस 'आपोआप'वर आणायचं, जाहिरात बघायची, परत होस्टनेमवर टाकायचं. पत्ता लिहिलेला असतो, पुन्हा टंकावा लागत नाही. दिवसातून दहा वेळा हे करावं लागत असेल तर त्या गेमला हा उपाय जुळत नाही असं समजा. जाहिरातींचे सर्व्हर सापडले नाहीत की 'इंटरनेट तपासा' म्हणून अडून बसणारे गेमही आहेत, पण थोडे.

गेमच्या बाहेरही एक परिणाम दिसतो आणि तो आधी सांगितलेला बरा. गूगलवर काही शोधलं की सगळ्यात वर 'प्रायोजित' लिहिलेले निकाल येतात, ते उघडत नाहीत. 'साइटपर्यंत पोहोचता येत नाही' असा संदेश येतो. घरच्या कुणाचा फोन असेल तर नेट बिघडलं म्हणून तक्रार येणार. खालचा साधा निकाल दाबला की काम होतं. एसएमएसमधून येणाऱ्या खरेदीच्या काही लिंकही अशाच अडकतात.

फुकट असलं तरी यात एक सौदा आहे. तुमचा फोन कुठल्या कुठल्या साइटचं नाव विचारतो हे आता सिमच्या कंपनीऐवजी ॲडगार्ड या सायप्रसमधल्या कंपनीला दिसतं. आत काय लिहिलं, काय पासवर्ड घातला हे दिसत नाही, फक्त नाव. ज्यांना तेही नको त्यांनी पुढचे उपाय बघावेत. यादीत स्वतः बदल करायचे असतील, एखादा पत्ता मोकळा सोडायचा असेल, तर नेक्स्टडीएनएस बरा. खातं काढावं लागतं, फुकट मर्यादा महिन्याला ३,००,००० विचारणांची आहे. ती संपली की नेट बंद पडत नाही, गाळणी तेवढी थांबते.

जांबोटीच्या पुढे आणि कोगनोळीच्या पलीकडे

होस्टनेम लिहून बसवलेला प्रायव्हेट डीएनएस हट्टी असतो. तो सर्व्हर मिळाला नाही तर फोन दुसरा शोधत नाही, सरळ 'प्रायव्हेट डीएनएस सर्व्हरपर्यंत पोहोचता येत नाही' असं सांगून मोकळा होतो. बेळगाव शहरात, टिळकवाडी-शहापूर-वडगावात याचा त्रास सहसा नाही. जांबोटी सोडून कणकुंबी, चोर्ला घाटाकडे निघालात, सिग्नलची एकच काडी राहिली की हा संदेश दिसू लागतो. साधा डीएनएस एका छोट्या निरोपात काम उरकतो. याला आधी जोडणी बांधून कुलूप लावावं लागतं, आणि तेवढ्यात सिग्नल तुटतो. अशा रस्त्याला निघताना 'आपोआप'वर टाकावं. यूपीआयनं पैसे द्यायला उभं राहिल्यावर हे आठवण्यापेक्षा आधी केलेलं चांगलं.

दुसरी अडचण कॉलेज आणि ऑफिसच्या वायफायची. प्रायव्हेट डीएनएस ८५३ क्रमांकाच्या पोर्टवरून, म्हणजे नेटच्या एका ठरावीक दारातून, बोलतो. वायफाय सांभाळणाऱ्यानं ते बंद ठेवलं असेल तर मोबाईल डेटावर सगळं चालतं आणि वायफायवर काहीच उघडत नाही, असा चमत्कार दिसतो. फोन बिघडलेला नसतो. तिथे असेपर्यंत 'आपोआप'.

सीमेचा मात्र काही संबंध नाही. कोगनोळी नाका ओलांडून कागलकडे गेलात, कर्नाटकाचं सर्कल सुटून महाराष्ट्राचं लागलं, किंवा एका फोनमध्ये दोन्हीकडची दोन सिमं आहेत, तरी सेटिंग फोनचं असतं, सिमचं नसतं. एकदा घातलं की दोन्ही सिमवर आणि वायफायवर तेच लागू. गेममध्ये कन्नड जाहिराती येतात म्हणून फोनची भाषा बदलत बसणारेही दिसतात. जाहिरात कुठली द्यायची हे ठरवताना तुम्ही कुठे आहात हेही बघितलं जातं, त्यामुळे भाषा बदलून संख्या घटत नाही. 'गूगल, जाहिराती'मध्ये जाऊन जाहिरात आयडी पुसण्याचंही तेच: पुसावा, चांगलंच आहे, पण त्यानं जाहिराती कमी होत नाहीत, फक्त तुमच्या आवडीनिवडीशी त्यांचा मेळ कमी बसतो.

घरातल्या सगळ्या फोनना आणि टीव्हीलाही एकदमच गाळणी हवी असेल तर राउटरच्या डीएचसीपी सेटिंगमध्ये आकड्यांचे पत्ते घालतात: पहिला ९४.१४०.१४.१४, दुसरा ९४.१४०.१५.१५. दुसऱ्या चौकटीत सवयीनं गूगलचा ८.८.८.८ ठेवला तर जाहिराती तिथून गळतात. दोन्ही ॲडगार्डचेच हवेत. केबलवाल्यानं राउटरचा पासवर्ड दिला नसेल तर त्याच्याकडून करून घ्यावं लागतं. आणि हेस्कॉमची लाईट गेली, राउटर बंद पडला, फोन मोबाईल डेटावर आला की ही गाळणी गेली. म्हणून फोनमधलं सेटिंग हेच पक्कं.

नेटच तोडायचं असेल तर

एकट्यानं खेळायच्या बऱ्याच गेमना नेट लागतच नाही. हिल क्लाइंब रेसिंग, सबवे सर्फर्स, कँडी क्रश हे एअरप्लेन मोडवर चालतात. लुडो किंगमध्ये संगणकाविरुद्ध आणि एकाच फोनवर आळीपाळीनं खेळायचे प्रकारही. तोटा उघड आहे, फोन लागत नाही. शेताकडून किंवा दुकानातून कुणाचा फोन यायचा असेल तर एअरप्लेन मोड कामाचा नाही, नुसता डेटा बंद ठेवा.

त्यापेक्षा सुबक उपाय म्हणजे त्या एका गेमचं नेट तोडणं. शाओमीच्या फोनमध्ये सिक्युरिटी ॲपमधल्या डेटा वापराच्या विभागात प्रत्येक ॲपसमोर मोबाईल डेटा आणि वायफायच्या वेगळ्या खुणा असतात, दोन्ही काढा. रियलमी-ओप्पोत गेमच्या ॲप इन्फोमधल्या डेटा वापरात तीच सोय आहे. सॅमसंग आणि मोटोरोला फक्त पार्श्वभूमीचा डेटा तोडू देतात, गेम समोर उघडा असताना त्याचा काही उपयोग नाही. त्यांनी नेटगार्ड किंवा रीथिंक डीएनएस यांपैकी एक ॲप घ्यावं. दोन्ही फुकट, फोन रूट करावा (म्हणजे त्याचं मूळ कुलूप तोडावं) लागत नाही. फोनमध्येच एक खोटा व्हीपीएन (सगळं नेट ज्यातून जातं असा बोगदा) उभा करून ते ठरावीक ॲपची वाट बंद करतात. अँड्रॉइड एका वेळी एकच व्हीपीएन चालू देतं, त्यामुळे ऑफिसचा व्हीपीएन वापरणाऱ्यांना दोन्ही जमणार नाहीत. फोनचा बॅटरी सेव्हर नेटगार्ड-रीथिंकसारखं ॲप मारतो आणि जाहिराती परत येतात. त्याला बॅटरीच्या बंधनातून सूट द्यायला विसरू नका. आयफोनवर 'मोबाईल डेटा'च्या यादीत गेमसमोरचं बटण बंद करता येतं, पण वायफायवर तो गेम मोकळाच राहतो.

ज्याला बक्षिसाच्या जाहिराती नकोत, दोस्तांशी स्पर्धा नको, त्याच्यासाठी डीएनएसपेक्षा हाच उपाय सरस. इथे यादी जुनी होण्याचा प्रश्नच येत नाही, आणि गेम बनवणाऱ्याच्या स्वतःच्या जाहिरातीही थांबतात.

पैसे मोजून

रोज तास-दीड तास एकच गेम खेळत असाल तर त्याचं 'नो ॲड्स' विकत घेणं सरळ आहे. बनवणाऱ्याचंही पोट आहे. पण विकत घेण्याआधी वर्णन नीट वाचा. बहुतेक ठिकाणी त्यातून पट्टी आणि मधल्या जाहिराती जातात, बक्षिसाच्या राहतात. दुसरं, ती एकदाची खरेदी आहे की आठवड्याची वर्गणी, हे बघा. काही गेम आठवड्याला पैसे कापतात आणि यूपीआय ऑटोपे एकदा मंजूर झालं की लक्षात यायला दोन महिने जातात. प्ले स्टोअरमध्ये स्वतःच्या चित्रावर दाबून 'पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स' उघडलं की काय काय चालू आहे ते दिसतं. गेम काढून टाकल्यानं वर्गणी थांबत नाही, ती इथूनच रद्द करावी लागते. खरेदी फसली तर ४८ तासांच्या आत गूगलकडेच परतावा मागता येतो. फोन बदलल्यावर त्याच गूगल खात्यानं गेम टाकून 'रिस्टोअर परचेस' दाबा, पुन्हा पैसे देऊ नका. खिशातून घालायचे नसतील तर गूगल ओपिनियन रिवॉर्ड्स हे सर्वेक्षणाचं ॲप थोडे थोडे करून प्लेचे पैसे देतं, ते इथे खर्च होतात.

गूगल प्ले पास ही गेम आणि ॲपची वर्गणी भारतात २०२२ साली आली तेव्हा दर महिन्याला ९९ रुपये, वर्षाला ८८९ रुपये होती. आजचा आकडा स्टोअरमध्ये बघून घ्या. त्यातल्या गेममध्ये जाहिराती नाहीत, आतली खरेदी खुली असते, आणि कुटुंबातल्या आणखी पाच जणांना तोच पास चालतो. वर्गणी थांबली की त्याच गेममध्ये जाहिराती परत येतात. आयफोनवाल्यांसाठी ॲपल आर्केड तशाच धाटणीचं. नेटफ्लिक्स घरात असेलच तर त्याचे मोबाईल गेम त्याच पैशांत मिळतात आणि त्यांत जाहिराती नसतात. हे बऱ्याच जणांना ठाऊकच नसतं.

पैसेही नकोत आणि जाहिरातही नको, असंही जमतं. बुद्धिबळासाठी लिचेस पूर्ण फुकट आहे, एकही जाहिरात नाही. एफ-ड्रॉइड या मुक्त सॉफ्टवेअरच्या दुकानातून शॅटर्ड पिक्सेल डंजन, युनसिव्ह, सायमन टॅथमची कोडी घेता येतात. एखाद्या ॲपमध्ये जाहिरात असेल तर ते दुकान तसा इशारा तिथेच लिहून ठेवतं. दिसायला साधे, पण कोडी आवडणाऱ्याला महिनोन् महिने पुरतील. प्ले स्टोअरमध्येही गेमच्या नावाखाली 'जाहिराती आहेत' असं बारीक अक्षरात असतं. टाकण्याआधी तेवढी ओळ वाचली तर निम्मं काम झालं.

ॲडगार्डचं स्वतःचं ॲपही आहे, डीएनएसपेक्षा जास्त बारकाईनं गाळणारं. ते प्ले स्टोअरवर मिळत नाही, कारण दुसऱ्या ॲपच्या जाहिराती अडवणाऱ्या ॲपना गूगल तिथे जागा देत नाही. घ्यायचं तर त्यांच्या साइटवरूनच घ्यावं लागतं. नुसत्या गेमसाठी डीएनएस पुरतो, त्यासाठी ॲपवर पैसे घालायची गरज नाही.

हे मात्र नको

टेलिग्रामवर किंवा मित्राच्या फोनवरून मिळणारी 'मॉड एपीके', म्हणजे जाहिराती काढलेला आणि कॉइन भरून दिलेला गेम, शून्य गुणांची. गेम उघडून त्यात कुणीतरी बदल केला आहे. जाहिरात काढताना आणखी काय घातलं ते दिसत नाही. गेम एसएमएस वाचायची, दुसऱ्या ॲपवर दिसायची किंवा ॲक्सेसिबिलिटीची परवानगी मागत असेल तर तो ओटीपीच्या मागे आहे असं समजा आणि काढून टाका. ज्या फोनमध्ये बँक आहे त्यात असली फाइल ठेवू नये.

रमी आणि पैशांच्या खेळांच्या जाहिराती हा आणखी एक उपद्रव. कर्नाटकानं २०२१ मध्ये असल्या खेळांवर बंदी घालणारा कायदा केला, उच्च न्यायालयानं फेब्रुवारी २०२२ मध्ये त्यातली मुख्य कलमं रद्द ठरवली. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेनं देशभरासाठी कायदा केला, आणि त्यात पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमबरोबर त्यांच्या जाहिरातींवरही बंदी आहे. तरी एखादी दिसली तर ती अधिकृत असेल असं धरू नका. पैसे गेलेच तर सायबर फसवणुकीच्या १९३० या मदतक्रमांकावर लगेच फोन करा. जाहिरातीवर बोट पडून सिमवर एखादी सशुल्क सेवा चालू झाली असेल, रोज थोडे थोडे पैसे कापले जात असतील, तर १५५२२३ वर 'स्टॉप' असा इंग्रजीत एसएमएस.

जी जाहिरात बंदच होत नाही तिच्याबद्दल गूगलचा नियम स्पष्ट आहे: मध्येच येणारी पूर्ण पडद्याची जाहिरात १५ सेकंदांनंतर बंद करता आलीच पाहिजे, आणि मुलांच्या गेममध्ये ५ सेकंदांनंतर. बक्षिसाची जाहिरात तुम्ही स्वतः निवडता, म्हणून १५ सेकंदांचा नियम तिला लागू नाही. नियम मोडणाऱ्या गेमच्या प्ले स्टोअरच्या पानावर वरचे तीन ठिपके दाबून 'अयोग्य म्हणून कळवा' करता येतं.

आणि गेम बंद असताना, नुसत्या होम स्क्रीनवर जाहिरात येत असेल तर ती गेममधली नाहीच. जाहिरात दिसत असतानाच 'रिसेंट'चं बटण दाबा. कुठल्या ॲपच्या खिडकीत ती आहे ते चिन्हासकट दिसतं. बहुधा टॉर्च, वॉलपेपर किंवा 'क्लीनर' नावाचं काहीतरी निघतं. सेटिंग्जमधल्या स्पेशल ॲक्सेसमध्ये 'इतर ॲपवर दाखवा' ही त्याची परवानगी काढा आणि मग ते ॲप उडवा. उडवता येत नसेल तर फोन सेफ मोडमध्ये, म्हणजे बाहेरून टाकलेली ॲप बंद ठेवून, सुरू करून उडवा. लॉक स्क्रीनवरची चित्रं आणि बातम्या मात्र 'ग्लान्स' नावाच्या सेवेच्या असतात, ती लॉक स्क्रीनच्या सेटिंगमधून बंद होतात. त्यांना डीएनएस लावत बसू नका.